आईचं काम

पडद्यावर वाईनं आजवर बरीच नावं धारण केली. प्रकाश झांच्या ‘गंगाजल’मध्ये (२००३) ती बिहारमधलं तेजपूर झाली. पुढच्याच वर्षी ‘स्वदेस’साठी शेजारची मेणवली चरणपूर झाली आणि नाना फडणवीसांच्या घाटावर उत्तर भारतातलं अख्खं गाव वसलं. २०१०मध्ये ‘दबंग’नं तिचं लालगंज केलं, २०१३मध्ये ‘चेन्नई एक्स्प्रेस’नं कोंबन नावाचं तमिळ खेडं. त्याआधी १९९७मध्ये ‘मृत्युदंड’च्या निमित्तानं माधुरी दीक्षित आणि शबाना आझमी इथल्या वाड्यांतून बिहारी घुंघट घेऊन वावरून गेल्या होत्या. कृष्णेचा तोच घाट, तेच काळे चिरे, मागे तोच ढोल्या गणपतीचा कळस. बदलते ती दुकानावरची पाटी आणि बायकांच्या डोक्यावरचा पदर.

वाईकरांना याचं अप्रूप उरलेलं नाही. पोलीस चौकीवर एका रात्रीत ‘थाना’ लिहिलेलं दिसलं तर नवखा चक्रावतो. इथला माणूस दुचाकीचा वेग कमी न करता एवढंच विचारतो, ‘कुणाचं शूटिंग?’ नायक-नायिका पाचगणी-महाबळेश्वरच्या हॉटेलांत उतरतात, सकाळी येतात, संध्याकाळी जातात. त्यांच्याबद्दल लिहायचं काही शिल्लक नाही. या लेखाचा विषय आहे तो श्रेयनामावलीत नायकाच्या नावानंतर आणि नृत्यदिग्दर्शकाच्या नावाआधी जी दहा-बारा नावं भराभर सरकून जातात, त्यांचा. त्यातही दोन स्त्रियांचा. एक गोव्यातून मुंबईमार्गे साताऱ्यात कामासाठी आली आणि इथंच गेली. दुसरी कराडची, आयुष्यभर शाळेत शिकवून सत्तरीच्या उंबरठ्यावर घराघरांत पोचलेली. दोघी २०२०च्या शरदात, दोन महिन्यांच्या आत गेल्या. दोघींचं पडद्यावरचं काम म्हटलं तर एकच, आई किंवा आजी. पण त्या कामापर्यंत पोचायच्या वाटा अगदी वेगळ्या होत्या, आणि त्या दोन वाटांच्या मध्ये आपल्या मनोरंजन-धंद्याची पन्नास-पंचावन्न वर्षं येतात.

पहिली आशालता वाबगांवकर. जन्म २ जुलै १९४१, मूळ गोव्याच्या. शिक्षण गिरगावातल्या सेंट कोलंबो मुलींच्या शाळेत. पुढं मंत्रालयात अर्धवेळ नोकरी करता करता पदवी घेतली आणि नाथीबाई ठाकरसी विद्यापीठातून मानसशास्त्रात एम.ए. केलं. आकाशवाणीच्या मुंबई केंद्रावर कोकणी गाणी गायल्या. म्हणजे नाटकात येण्याआधी त्यांच्याकडे दोन गोष्टी होत्या, एक गळा आणि दुसरी शिकलेल्या मध्यमवर्गीय मुलीची नोकरीची शिस्त. दि गोवा हिंदू असोसिएशनच्या कला विभागाला या दोन्ही हव्या होत्या. ‘संशयकल्लोळ’मधली रेवती ही त्यांची सुरुवात.

मग १ मे १९६४ला ‘मत्स्यगंधा’ आलं. वसंत कानेटकरांचं लेखन, मास्टर दत्ताराम यांचं दिग्दर्शन, संगीत जितेंद्र अभिषेकी यांचं. संगीत नाटक म्हणजे पहाटेपर्यंत चालणारं, ताना-पलट्यांच्या बैठकीचं काहीतरी, अशी ज्या काळात तरुण प्रेक्षकांची समजूत झाली होती, त्या काळात अभिषेकींनी पदं आटोपशीर केली. भावनेपुरतं गाणं, आणि गाण्यातूनच पुढचा प्रसंग. ‘ययाति आणि देवयानी’, ‘कट्यार काळजात घुसली’ नंतरची; ही वाट ‘मत्स्यगंधा’पासून सुरू झाली. रामदास कामत पराशर होते आणि सत्यवती आशालता.

या भूमिकेपाशी थोडं थांबायला हवं, कारण पुढच्या सगळ्या कारकिर्दीचं गणित इथं उलटं मांडून ठेवलेलं आहे. नाटक सुरू होतं तेव्हा सत्यवती नाव वल्हवणारी पोर आहे. अंगाला माशांचा वास, मनात वेड्या आकांक्षा. संपतं तेव्हा ती हस्तिनापूरची राजमाता आहे, जिनं वचनं घेऊन, माणसं वापरून सिंहासन मिळवलं आणि त्यावर बसायला कुणी उरलं नाही. पहिल्या टोकाला उमलत्या प्रेमाचं पद, शेवटच्या टोकाला सगळ्या कलहातला फोलपणा कळल्यानंतरचं. दोन्ही पदं आशालतांनीच गायची. तेव्हा त्यांचं वय होतं बावीस. बावीस वर्षांच्या मुलीनं रोज रात्री तीन तासांत म्हातारं व्हायचं आणि प्रयोगानंतर रंग पुसून घरी जायचं! दोन्ही पदांची ध्वनिमुद्रणं झाली आणि आजही ती वाजतात. शेवटचं पद नुसतं ऐकलं तरी कळतं की वय दाखवायला त्यांना पांढऱ्या केसांची गरज नव्हती. शब्द जरा मागं रेटून, श्वास संपता संपता सोडायचा, एवढ्यावर त्या काम भागवतात.

रंगभूमीवर त्यांच्या वाट्याला काय काय आलं पाहा. ‘मृच्छकटिक’ची वसंतसेना. ‘रायगडाला जेव्हा जाग येते’मधली येसूबाई. ‘गारंबीचा बापू’मधली राधा, पेंडशांच्या कोकणातली ती जगाला न जुमानणारी बाई. ‘गुंतता हृदय हे’मधली कल्याणी. आणि खाडिलकरांच्या ‘भाऊबंदकी’तली आनंदीबाई. या शेवटच्या भूमिकेशी वाईचं जुनं नातं आहे. नारायणराव पेशव्याच्या खुनाबद्दल राघोबादादांना देहान्ताची शिक्षा सांगणारे रामशास्त्री प्रभुणे मूळचे साताऱ्याजवळच्या माहुलीचे, आणि निकाल देऊन पुणं सोडल्यावर ते येऊन राहिले वाईजवळच्याच एका खेड्यात. राघोबादादांना गादीवरून खेचणाऱ्या बारभाईंचे सूत्रधार नाना फडणवीस. त्यांचा वाडा मेणवलीत. ज्या आनंदीबाईला इतिहासानं ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून बदनाम केलं, तिचे दोन्ही प्रतिस्पर्धी या पंचक्रोशीतले. नाटकातली आनंदीबाई महत्त्वाकांक्षी आहे, धूर्त आहे, घाबरलेलीही आहे. अशी बाई साकारायची म्हणजे प्रेक्षकाला आवडून घेण्याचा मोह सोडावा लागतो. रंगभूमीनं आशालतांना तो सोडू दिला. सिनेमानं पुढं तशी संधी क्वचितच दिली असेल.

१९८०मध्ये बासू चटर्जींचा ‘अपने पराये’ आला. शरच्चंद्रांच्या ‘निष्कृति’वरचा हा चित्रपट. तीन भावांचं एकत्र कुटुंब, थोरला उत्पल दत्त, मधला गिरीश कार्नाड, धाकटा चुलत भाऊ अमोल पालेकर, त्याची बायको शबाना आझमी. थोरल्याची बायको सिद्धेश्वरी म्हणजे आशालता. घरातली कर्ती पण कानाची हलकी, जीव लावणारी पण कुणीही फिरवावं तशी फिरणारी. ही नुसती ‘चांगली बाई’ नव्हे. एका जावेवर माया आणि दुसरीचं ऐकून तिच्याशीच अबोला, असा दुभंग तिला दाखवायचा होता, तोही मोठे संवाद न म्हणता. त्या वर्षीच्या फिल्मफेअरसाठी सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीच्या नामांकनात ‘खूबसूरत’च्या दीना पाठक आणि ‘कर्ज’च्या सिमी गरेवाल यांच्याबरोबर आशालतांचं नाव होतं. पुरस्कार ‘इन्साफ का तराजू’साठी पद्मिनी कोल्हापुरेला गेला. पण हिंदीतल्या पहिल्याच मोठ्या कामाला मिळालेली ही दाद कमी नव्हती.

आणि तीच त्यांची पंचाईत झाली. उत्पल दत्त १९२९चे, त्या १९४१च्या. पडद्यावर त्यांची बायको शोभल्या, म्हणजे मोठ्या मुलांची आई शोभतील, असा निर्माते मंडळींचा हिशेब. या धंद्यात एकदा आई झालेली बाई परत मुलगी होत नाही, बहीणसुद्धा होत नाही. नटाचं तसं नसतं. नायकाचा बाप झालेला नट पुढच्या चित्रपटात पोलीस कमिशनर होतो, स्मगलर होतो, वकील होतो. नटीला आईनंतर आजी एवढाच पल्ला. चाळिशी गाठताना आशालतांना जे वय चढवलं गेलं ते पुन्हा उतरलं नाही. सत्यवतीचा रंग रोज रात्री पुसता यायचा, हा नाही.

हिंदी-मराठी मिळून त्यांनी शंभराहून अधिक चित्रपट केले. जब्बार पटेलांचा ‘उंबरठा’ (१९८२) त्यात आहे. एन. चंद्रांचा ‘अंकुश’ (१९८६) आहे. चार बेकार पोरांच्या चाळीत नात घेऊन राहायला येणाऱ्या आजीचं काम त्यात त्यांच्याकडे होतं. आजीचं वय सत्तरीचं, कलावतीचं पंचेचाळीस. या चित्रपटातली प्रार्थना पुढं देशभरातल्या शाळांनी उचलली. आवाज पुष्पा पागधरे आणि सुषमा श्रेष्ठ यांचे. पार्श्वगायनाच्या पद्धतीत यात वावगं काहीच नाही, गायचं काम गायिकांचं. तरीही ‘मत्स्यगंधा’ची सत्यवती सेटवर असताना गाणं दुसरीकडून यावं, याची मला गंमत वाटते आणि थोडी चीडही येते. हिंदी चित्रपटानं संगीत रंगभूमीवरून एक अभिनेत्री घेतली ती गळा बाजूला काढून ठेवूनच. श्रेयनामावलीतही बहुतेकदा नुसतं ‘आशालता’. आडनाव लांबलचक, पाटीवर मावत नाही! त्यांच्या लेखांचं पुस्तक निघालं तेव्हा त्याला त्यांनी नाव दिलं ‘गर्द सभोवती’. शंभर चित्रपट करून झालेली बाई स्वतःची ओळख सांगायला ‘मत्स्यगंधा’तल्या पदाकडेच गेली.

मराठीत त्या विजय कोंडकेंच्या ‘माहेरची साडी’मध्ये (१९९१) होत्या. या चित्रपटानं अलका कुबल यांना ग्रामीण महाराष्ट्राच्या घरातली लेक करून टाकलं. सातारा-सांगलीकडे या चित्रपटासाठी ट्रॅक्टर-ट्रॉल्या भरून बायका तालुक्याच्या थेटरात येत, हे आजही लोक सांगतात. त्याच अलका कुबल जवळजवळ तीस वर्षांनी निर्मात्या म्हणून सोनी मराठीसाठी ‘आई माझी काळूबाई’ ही मालिका घेऊन साताऱ्यात आल्या आणि त्या मालिकेत आशालता होत्या.

काळूबाईचं ठाणं वाई तालुक्यातच, मांढरदेवच्या डोंगरावर. वाईतून घाटरस्त्यानं वीसेक किलोमीटर. पौष पौर्णिमेची यात्रा मोठी. २५ जानेवारी २००५ला त्याच यात्रेत चेंगराचेंगरी होऊन सुमारे तीनशे माणसं गेली आणि न्यायमूर्ती कोचर यांचा आयोग नेमावा लागला. या भागात काळूबाईचा विषय कुणी सहज काढत नाही. अशा देवीवर रोज अर्ध्या तासाची मालिका करायची म्हणजे बोली, जागर, पोतराज, सगळं ओळखीचं दिसायला हवं. मुंबईच्या फिल्मसिटीत ते उभं करणं अवघड. शिवाय तो काळ करोनाचा. मुंबई बंद होती, सातारा-कोल्हापूर-भोर भागात त्या मानानं मोकळीक होती. बरीच युनिटं त्या पावसाळ्यात इकडं आली.

इथं एका खटल्याचा उल्लेख करायला हवा. मार्च २०२०मध्ये चित्रीकरणं थांबली. मेअखेरीस राज्य सरकारनं ती पुन्हा सुरू करायला परवानगी दिली ती अटींसह, आणि त्यातली एक अट अशी की पासष्ट वर्षांवरच्या कुणालाही सेटवर येऊ द्यायचं नाही. कागदावर ही काळजी होती. प्रत्यक्षात मालिकांतले सगळे आजी-आजोबा एका ओळीनं घरी बसले. प्रमोद पांडे नावाचे सत्तरीचे नट याविरुद्ध मुंबई उच्च न्यायालयात गेले. चाळीस वर्षं छोट्या छोट्या भूमिका करत आलेला माणूस. त्यांचं म्हणणं सरळ होतं, मला दुसरं काही येत नाही आणि दुसरी मिळकत नाही. पासष्टीवरच्या माणसाला दुकान उघडता येतं, मग सेटवर जाता का येत नाही? न्यायमूर्ती काथावाला आणि छागला यांच्या खंडपीठानं ७ ऑगस्ट २०२०ला ती अट भेदभाव करणारी ठरवून रद्द केली.

या निकालाचं मोल कळायचं तर सहकलाकाराचा हिशेब माहीत हवा. त्याला पगार नसतो, दिवसाचा दर असतो. महिन्यात किती दिवस बोलावणं येईल ते कथेतल्या ‘ट्रॅक’वर ठरतं; लेखकानं आजीला तीर्थयात्रेला धाडलं की आजीची मिळकत बंद. केलेल्या कामाचा चेक टीव्हीच्या रिवाजाप्रमाणे नव्वद दिवसांनी. म्हणजे मार्चमध्ये काम थांबलं तेव्हा अनेकांचे डिसेंबर-जानेवारीचेच पैसे यायचे होते. कलाकारांच्या ‘सिंटा’ या संघटनेनं टाळेबंदीत हा नव्वद दिवसांचा वायदा कमी करा म्हणून मागणी लावून धरली, ती उगाच नव्हती. प्रॉव्हिडंट फंड नाही, पेन्शन नाही, रॉयल्टी नाही. वय वाढतं तसा दर वाढतोच असंही नाही. मोठ्या नटाला वय झालं की तो ‘निवडक काम’ करतो. सहकलाकाराला निवडायचं म्हणजे घरी बसायचं.

‘आई माझी काळूबाई’ १४ सप्टेंबरला सुरू झाली. त्याच आठवड्यात आशालतांना ताप आला, चाचणी झाली, साताऱ्यातल्या खासगी रुग्णालयात दाखल केलं. युनिटमधले वीसहून अधिक जण बाधित निघाले. २२ सप्टेंबरला पहाटे त्या गेल्या, वय एकोणऐंशी. मुंबईला नेणं शक्य नव्हतं. अंत्यसंस्कार साताऱ्यातच झाले.

त्यानंतर ‘बघा, अट होती तेच बरं होतं’ असं म्हणणारे निघालेच. मला तो युक्तिवाद पटत नाही. अट वयावर होती. सेटवर माणसं किती, बाहेरून येणाऱ्या पथकांची तपासणी कशी, आजारी माणसानं सुट्टी घेतली तर पैसे मिळतात का, या प्रश्नांना वयाची अट उत्तर देत नव्हती. आणि एकोणऐंशीव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर उभी राहणारी बाई काही कुणी ओढून आणलेली नव्हती. चौसष्ट साली काय, नि वीस साली काय, बोलावणं आलं की तयार होऊन निघायचं, या शिस्तीत वाढलेली पिढी ती.

आता दुसरी. कमल ठोके कराडच्या. तीसहून अधिक वर्षं शिक्षिका, मुख्याध्यापिकाही झाल्या, आदर्श शिक्षिकेचा पुरस्कारही मिळाला. मराठी ग्रामीण चित्रपटांतून किरकोळ कामं त्या पूर्वीपासून करत. ‘सासर माहेर’, ‘माहेर माझं पंढरपूर’, ‘बरड’ अशी नावं त्यांच्या यादीत दिसतात. त्या नावांनी त्यांना महाराष्ट्र ओळखत नव्हता. १ मे २०१७ला झी मराठीवर ‘लागिरं झालं जी’ सुरू झाली आणि त्यातली जिजी म्हणून त्या दोन वर्षं रोज संध्याकाळी दिसू लागल्या.

‘लागिरं’ ही मालिका सातारा जिल्ह्याचीच होती. निर्माती श्वेता शिंदे साताऱ्याची, लेखक तेजपाल वाघ वाईचा, विषय फौजेत जायची स्वप्नं बघणाऱ्या पोरांचा. ज्या जिल्ह्यात मिलिटरी अपशिंगेसारखं घरटी फौजी देणारं गाव आहे, तिथं या विषयाला संशोधन लागत नाही. चित्रीकरण इथल्याच गावांत. आणि कलाकारही बरेचसे याच भागातले, कारण बोली पाठ करून घेता येते पण बोलता बोलता मध्येच थांबायची इथली पद्धत, ‘व्हय’च्या आधीचा तो अर्धा सेकंद, पाठ होत नाही. मालिकांतली गावाकडची आजी तोवर ठरलेली असे: दादरच्या नाट्यवर्गातून आलेल्या बाईनं नऊवारी नेसून ‘आरं लेकरा’ म्हणायचं. जिजी तशी नव्हती. कमलताईंना आजी ‘करावी’ लागत नव्हती. वर्गातल्या साठ पोरांना आवाज न चढवता गप्प करणाऱ्या बाईचा एक दरारा असतो, चष्म्याच्या वरून बघायची एक तऱ्हा असते. ती त्यांनी जिजीला आयती दिली. अभिनयाचं शिक्षण नव्हतं, पण रोज सहा तास श्रोत्यांपुढं उभं राहायची सवय होती.

आशालता आणि कमलताई यांत डावं-उजवं करायचं कारण नाही. पहिलीकडे गळा होता, कळा होती, वसंतसेनेपासून आनंदीबाईपर्यंतचा पल्ला होता. धंद्यानं त्यातला आईएवढा तुकडा वापरला. दुसरीकडे एकच आजी होती, पण ती बावनकशी, आणि ती वापरायला धंदा तिच्या दारात यायला सत्तर वर्षं लागली. १४ नोव्हेंबर २०२०ला, लक्ष्मीपूजनाच्या दिवशी, बेंगळुरूत कमलताई आजारानं गेल्या. दुसऱ्या दिवशीच्या बातम्यांत मथळा होता तो जिजीचा. कमल ठोके हे नाव त्याखाली.

‘लागिरं’नंतर ही वाट रुळली. ‘मुलगी झाली हो’चं चित्रीकरण वाई तालुक्यातल्या गुळुंबला झालं. तेजपाल वाघच्या ‘कारभारी लयभारी’, ‘मन झालं बाजिंद’ या मालिकाही याच मातीतल्या. आता वाईत कोऑर्डिनेटर आहेत, त्यांच्या मोबाइलात गावातल्या चेहऱ्यांचे फोटो आहेत, वयानुसार लावलेले. ‘गंगाजल’च्या वेळी या गावानं गर्दी पुरवली होती: शंभर माणसं, मुंडासं बांधा, पळा म्हटलं की पळा, संध्याकाळी पैसे घ्या. गर्दीला बोलायचं नसतं. तेजपूरच्या गर्दीनं तर बोललेलं चाललंच नसतं, लगेच साताऱ्याचा हेल आला असता. मराठी मालिकेत तोच हेल भांडवल ठरतो. धंद्याच्या भाषेत सांगायचं तर ‘क्राऊड’ आणि ‘कॅरेक्टर’ यांच्यामध्ये एका वाक्याचं अंतर असतं. वाक्य मिळालं की दर बदलतो, नाव लिहून घेतात, दुसऱ्या दिवशी तोच सदरा घालून या म्हणून बजावतात. ज्यांनी तेजपूरच्या रस्त्यावर मुंडासं बांधून धाव घेतली होती, त्यातले काही आता सरपंच, चुलते, सासरे म्हणून दहा-पंधरा वाक्यं घेऊन उभे राहतात. चेक मात्र त्यांनाही नव्वद दिवसांनीच मिळतो.